खुर्चीशेजारचं स्टूल

आई, तुझी ऑर्डर आली.

दुपारची वेळ होती. नातेवाइकांना आत सोडायला अजून अवकाश होता. जेवणाच्या ताटल्या गोळा झाल्यावर वॉर्डात एक पेंग पसरते, सलाइन थेंब थेंब पडत असतं आणि पंखे आपल्याच नादात फिरत असतात, तशी ती पसरली होती. आस्थापनेतला क्लार्क आला, सही घेतली, दोन कागद टेबलावर ठेवले आणि निघून गेला. एरवी चहा घेतल्याशिवाय हलत नाही तो. वरच्या कागदावर तुझं नाव होतं, आधी 'कै.' लावलेलं. या वॉर्डातली इन्चार्जची जागा रिकामी झाली त्या दिवसापासून तू इथली इन्चार्ज सिस्टर होतीस, असं आता ठरलंय. ऑफिसच्या भाषेत याला मानीव दिनांक म्हणतात. म्हणजे झालं नव्हतं, पण झालं होतं असं सगळ्यांनी मानायचं. सरकारी कागद इतका स्वप्नाळू असतो हे मला एवढी वर्षं नोकरी करून माहीत नव्हतं. खालच्या कागदावर माझं नाव होतं. माझं इन्चार्जपद गेलं, मी पुन्हा स्टाफ नर्स. तू जिंकलीस आणि मी हरले, आणि दोन्ही कागदांना टाचणी एकच.

तुला दुपार कधी आवडली नाही, कारण दुपारी तुला झोपावं लागायचं. पिंपरीतल्या आपल्या त्या दोन खोल्या मला अजून डोळे मिटले की दिसतात. बाबा फर्स्ट शिफ्टला गेलेले. खिडकीला तुझी जुनी पांढरी युनिफॉर्मची साडी पडदा म्हणून लावलेली, तिच्यातून दुधासारखा उजेड आत येतोय, आणि तू नाइट करून आलेली, भिंतीकडे तोंड करून झोपलीयेस. मी शाळेतून येते, चप्पल दाराबाहेरच काढते, झाकण वाजू नये म्हणून कढईतली भाजी दम धरून वाढून घेते. शेजारच्या मुलीसुद्धा मला खेळायला हाक मारायच्या त्या खुणेनं. आपल्या घरात आवाज सुरू व्हायचा तो थेट दिवेलागणीला, तुझ्या चहाच्या भांड्यापासून. एकदा झोपेतच तू स्पष्ट म्हणालीस, "नऊ नंबरच्या म्हातारीला बघ जरा, पाय गार पडायलेत तिचे." मी घाबरून उभी राहिले. मग काय सुचलं कोण जाणे, मी म्हणाले, "बघते." तू समाधानानं कूस बदललीस. मला वाटतं, माझी नर्सिंगमधली पहिली ड्यूटी तीच.

मी दहावीत असताना तुमच्या जुन्या इन्चार्ज सिस्टर रिटायर झाल्या. त्यांच्यामागे ज्येष्ठतेनं तुझाच नंबर, हे झाडूवाल्या मावशींपासून मेट्रनपर्यंत सगळ्यांना ठाऊक होतं. पण ऑर्डर निघेना. 'फाइल वर गेलीय, तोवर तुम्ही चार्ज सांभाळा,' असं म्हणून मेट्रननी चाव्यांचा जुडगा तुझ्या हातात ठेवला. तू चाव्या घेतल्यास, औषधं घेतलीस, चादरी, ट्रे, बेडपॅन सगळं रीतसर मोजून घेतलंस, फक्त खुर्ची घेतली नाहीस. दुसऱ्या दिवशी पिंपरी कॅम्पातल्या गल्लीत घासाघीस करून एक लोखंडी स्टूल आणलंस, इन्चार्जच्या खुर्चीशेजारी मांडलंस आणि त्यावर बसून रिपोर्ट लिहायला लागलीस. खुर्ची शेजारी रिकामी. ऑर्डर नव्हती म्हणून तुझ्या नाइटही सुटल्या नाहीत. सगळा वॉर्ड तुझ्या हुकमावर चालायचा आणि हुकूम सुटायचे स्टुलावरून. राउंडला आलेले मोठे डॉक्टर एकदा म्हणाले, "सिस्टर, खुर्चीला काटे आहेत का हो?" तू वर न बघता म्हणालीस, "काटे नाहीत सर. नाव नाही." ते हसले. तू काही हसली नाहीस.

तो तुझा हट्ट होता, आई. तेव्हा मला तो अभिमानाचा वाटायचा, मधली काही वर्षं निव्वळ खुळेपणाचा वाटला, आणि आता काय वाटतं ते या पत्राच्या शेवटापर्यंत बहुतेक कळेल. त्या खुर्चीत चक्कर आलेले नातेवाईक बसायचे, नुकतं बाळंतपण झालेल्या बाईची आई बसायची, पाय सुजलेल्या झाडूवाल्या मावशी बसायच्या. आणि मी. तुझी दिवसपाळी असली की शाळा सुटल्यावर मी हॉस्पिटलला यायचे आणि तू त्या खुर्चीकडे हनुवटीनं खूण करायचीस. "बस. गणितं कर. पेशंटकडं टकामका बघायचं नाही." मी लाकडी हातांच्या त्या मोठ्या खुर्चीत पाय वर घेऊन बसायचे, तू शेजारी माझ्याहून वीतभर खाली, कागदावर वाकलेली. स्पिरिटचा वास, उकळत्या सिरिंजांचा खळखळाट, खिडकीबाहेर गुलमोहर, आणि मला तिथं हमखास डुलकी लागायची. तू स्वतः न बसलेल्या खुर्चीत मला मात्र खुशाल झोपू दिलंस. मी कधी विचारलं नाही की मला कसं चालतं. मुलांना असले प्रश्न पडत नाहीत, मऊ जागा मिळाली की झालं.

मग नियम बदलला. मी बारावीत होते. इन्चार्ज व्हायला आता नुसती ज्येष्ठता चालणार नाही, नर्सिंगची डिग्री पाहिजे, असा नवा नियम निघाला आणि तुम्ही सगळ्या डिप्लोमावाल्या एका रात्रीत होतात तिथंच थांबलात. फाइल वरून खाली आली ती यासाठी. त्या दिवशी स्वयंपाकघरात तू भाकरी थापत होतीस, आणि तुझी खेडची मैत्रीण, जिला मी तेव्हापासून मावशीच म्हणत आले, ती ओट्याला टेकून उभी होती. ती तुझ्याहून पुष्कळ लहान, तुझ्याच हाताखाली शिकलेली, पण संताप तिचाच मोठा. "ताई, आपुन कोर्टात जायाचं. आता न्हाई तर कवाच न्हाई." तू भाकरी उलटलीस आणि म्हणालीस, "जाऊ की. मला नोकरीला घेताना जे सांगितलं ते त्यांनी पाळायचं. मी बी पाळलंय." एवढंच. भाकरी फुगली, तू ती माझ्या ताटात टाकलीस आणि त्याच सुरात पुढं म्हणालीस, "अन् तू डिग्री करायचीस. डिप्लोमा नाही."

माझं डोकंच फिरलं. म्हटलं, नियम चुकीचा आहे म्हणून भांडायचं आणि मला त्याच नियमात नेऊन बसवायचं, हे कुठलं गं? तू हात धुतलेस, पदराला पुसलेस. "माझं भांडायचं ठरलंय. तुझं काय ते अजून ठरायचंय. तवर डिग्री करून ठेव, कुठं खायला मागती का ती?" मावशी खो खो हसली. मी रागानं तीन दिवस बोलले नाही, पण फॉर्म भरला. डिग्री हातात आली तेव्हा तू मला एक उशी दिलीस. साधीच, चौकोनी, त्याच पडद्याच्या साडीची शिवलेली, कडेला निळ्या दोऱ्याची टीप. मला वाटलं माझ्यासाठी शिवलीयेस. मग तिच्या घड्यांतला पिवळेपणा दिसला. जागा रिकामी झाली त्याच आठवड्यात तू ती शिवली होतीस, स्वतःच्या खुर्चीसाठी, आणि ऑर्डरची वाट बघत ती ट्रंकेत पडली होती. "तुझं नाव आलं की टाक खुर्चीवर," म्हणालीस. तेव्हा मी नुसतं 'बरं' म्हणाले.

तुझ्याच हॉस्पिटलात लागले, त्या पहिल्या सकाळी सवयीनं सगळ्यांदेखत 'आई' म्हणाले आणि तू मला औषधांच्या कपाटामागं नेऊन झापलंस. "इथं मी सिस्टर, तू बी सिस्टर. आई घरी." मी दिवसभर फुगून होते. संध्याकाळी ओव्हर देताना, म्हणजे पुढच्या पाळीला एकेक पेशंट समजावून देताना, तू माझ्या मागं उभी राहून ऐकत होतीस. मी एकीचं लघवीचं प्रमाण सांगायला विसरले, तू पाठीत एक बोट टोचलंस. बस एवढंच. कुणाला दिसलंही नाही. ते बोट अजून तिथंच आहे, ओव्हर देताना अजून पाठ ताठ होते माझी. तू रिटायर झालीस ती त्या स्टुलावरूनच. हार घालताना सगळ्यांनी आग्रह केला, 'सिस्टर, आज तरी बसा खुर्चीत, फोटोपुरतं.' तू म्हणालीस, "फोटोपुरतं कशाला." स्टूल तिथंच ठेवून घरी आलीस. बाबा त्याच्या आधीच गेलेले. केस चालूच होती, तारखा पडत होत्या, आणि दुसऱ्या पावसाळ्यात तूही गेलीस, भर दुपारी, झोपेत. मी चप्पल बाहेर काढून, आवाज न करता, भाजी वाढून घेतली होती. मला अर्धा तास कळलंच नाही.

तुझ्या पेन्शनचा प्रश्न होता म्हणून वकिलांनी वारस म्हणून माझं नाव लावलं. मी सही केली आणि विसरून गेले. मग चारेक वर्षांपूर्वी नव्या नियमानं माझी बढती झाली. आपलाच वॉर्ड, तीच खुर्ची, फक्त हातांचं पॉलिश गेलेलं. मी उशी टाकली आणि बसले. खूप बरं वाटलं, आई. खोटं कशाला बोलू. इन्चार्जला नाइट नसते. माझी मुलगी शाळेतून यायची तेव्हा मी संध्याकाळी घरी असायचे, जागी. स्टूल वॉर्डबॉय मामांनी बल्ब बदलायला नेलं होतं, ते मी परत मागवून शेजारी ठेवलं. नव्या मुली त्यावर बसून रिपोर्ट लिहायच्या. आणि एक दिवस कोर्टाची नोटीस आली. केस करणाऱ्यांनी मागणी केली होती की नियम रद्द झाला तर ज्यांची बढती जाईल त्यांनाही केसमध्ये घ्या, त्यांचं ऐका. न्यायाचीच गोष्ट होती. वर अर्जदारांमध्ये तू, आणि तुझ्या नावापुढे वारस म्हणून मी. खाली प्रतिवादींमध्ये पुन्हा मी. मी स्वतःविरुद्ध कोर्टात उभी होते.

रविवारी मी मावशीकडे गेले. चाकणच्या पुढं त्यांचं गाव, आता चहूबाजूंनी कंपन्यांच्या भिंती आणि कंटेनरच्या रांगा, पण घराच्या मागं अजून चार चिंचा आहेत. ती अंगणात शेंगा फोडत बसली होती. केस पांढरे झालेत तिचे, तिची रिटायरमेंट तोंडावर आलीय. जिंकली तर माझी खुर्ची तिला मिळणार होती, शेवटच्या काही महिन्यांपुरती. हे दोघींनाही माहीत होतं आणि दोघी शेंगा फोडत होतो. मग तीच म्हणाली, "तू वारसाची सही मागं घेतलीस तर ताईंचं नाव गळंल. माझं चालूच ऱ्हाईल. तवा माझ्याकडं बगून काय ठरवू नको."

मी म्हटलं, "मावशी, तुम्ही जिंकलात तर मी परत नाइटला. पोरगी बारावीला आहे माझी."

"व्हय, ठाऊक हाय मला."

"आणि मी नाव काढलं तर आई कायमची स्टुलावर."

"ते बी ठाऊक हाय." तिनं दाणे माझ्या ओंजळीत टाकले. "आमी भांडलो ते खुर्चीसाठी न्हाई गं. म्हंजे खुर्चीसाठीच. पन कुनीतरी म्हनावं, की चुकलं आमचं, तुमी बरुबर व्हता. एवडंच." मग माझ्याकडे नीट बघून म्हणाली, "तुला बी तुजी खुर्ची हवी हाय, तर भांड की. तुज्या आईनं तुला काय शिकवलंय दुसरं?"

परत येताना चाकणच्या चौकात बस तासभर अडकली. मागच्या सीटवर कुणीतरी फोनवर ओव्हरटाइमचं भांडत होतं, ऊन काचेतून मांडीवर पडलं होतं, आणि मला एकदम स्वच्छ कळलं की मी दोन्ही सह्या करणार. तुझं नाव काढायला माझा हात धजणार नव्हता, आणि खुर्ची सोडायलाही नाही. तुझ्या वकिलांना म्हटलं, वारसाची सही कायम. आणि आम्ही डिग्रीवाल्यांनी मिळून जे वकील केले होते त्यांना म्हटलं, माझंही उत्तर द्या, चांगलं कडक द्या. दोघांनीही माझ्याकडे एकसारखंच पाहिलं.

मुंबईला शेवटच्या सुनावणीला मी आणि मावशी एकाच बसनं गेलो, एकाच डब्यातली पोळी-भाजी खाल्ली आणि कोर्टात मागच्या बाकावर शेजारी शेजारी बसलो. न्यायमूर्तींनी कागद चाळताना चष्मा खाली घेतला. एकच नाव वर आणि खाली बघून ते मराठीतच म्हणाले, "मग या बाई नेमक्या कुणाच्या बाजूच्या?" तुझे वकील उठले आणि म्हणाले, "साहेब, वरच्या अर्ध्यात आमच्या." सगळं कोर्ट हसलं. मीसुद्धा. मावशीनं माझा हात दाबला आणि मग बराच वेळ सोडला नाही. माझ्या वकिलांनी फार छान मांडलं, आई, पेशंटची काळजी आता बदललीय, शिक्षण लागतं, नियमाला अर्थ आहे. ऐकताना मला पटत होतं. मग तुझ्या वकिलांनी सांगितलं की जागा जुन्या नियमाच्या काळात रिकामी झाली, काम या बाईंकडून नव्या काळातही करून घेतलं, चाव्या चालल्या, मग बाई का चालल्या नाहीत. तेही पटत होतं. मला दोन्ही बाजूंनी रडू येत होतं.

निकाल तुला कळवलाच आहे वर. परवा मी चार्ज दिला. रीतीप्रमाणे मावशीनं सगळं मोजून घेतलं, चादरी, ट्रे, बेडपॅन. स्टुलाशी आल्यावर थांबली. ते कुठल्याच नोंदीत नाही, कारण ते हॉस्पिटलचं नव्हतंच कधी. "हे तुजं. घिऊन जा," म्हणाली. उशी मी खुर्चीवरच ठेवली. मावशीनं तिच्यावरून हात फिरवला, निळी टीप ओळखली तिनं. मग पदर सावरून बसली, आणि बसल्या बसल्या म्हणाली, "ताईंनी बसाया हवं व्हतं. आता दोगींचं मीच बसते." नव्या मुली टाळ्या वाजवायला लागल्या. मी पण वाजवल्या. मग जाऊन माझे पेशंट बघितले.

आता सांगवीच्या घरी गॅलरीत बसून हे लिहितेय, स्टुलावर. ते डुगडुगतं, आई. एक पाय आखूड आहे त्याचा. तू रिपोर्ट लिहिताना हलकेच डुलायचीस, आणि मी खुर्चीतून बघताना मला वाटायचं, आई गाणं म्हणतेय मनात. त्या डुलण्याकडे बघत बघत तर मला झोप लागायची. आज रात्रीपासून माझी नाइट आहे, खरं तर पडायला हवं. मघाशी जरा पडले होते तेव्हा मुलगी आली, आणि मला बघून पावलं न वाजवता चालायला लागली. मी म्हटलं, "टीव्ही लाव. आवाज मोठा ठेव." ती म्हणाली, "तुला झोप कशी येणार?" म्हटलं, "येईल."

डोळे मिटले की ती मानलेली वर्षं दिसतात. झालेली नाहीत, पण सहीशिक्क्यानिशी झाली आहेत ती. त्यात तू खुर्चीत बसलीयेस, पाठ टेकून, खाली ती उशी. तुला नाइट नाही. मी शाळेतून येते तेव्हा खिडकी उघडी आहे, पडदा नाही, साडी घडी करून कपाटात आहे, आणि तू ओट्यापाशी उभी राहून विचारतेस, काय झालं गं शाळेत? आणि मी मोठ्यानं सांगते. भर दुपारी, मोठ्यानं, सगळं. ऑर्डरमध्ये एवढं लिहिलेलं नाही, पण तारीख मानली की पुढचं सगळं मानावंच लागतं, असं मी धरून चाललेय.

हे कुठं टाकायचं नाहीये, त्यामुळे एक सांगून टाकते. त्या दिवशी कोर्टात, मावशीचा हात हातात असताना, मी डोळे मिटून मनातल्या मनात म्हणाले होते, मला जिंकू दे. देवाला नाही म्हणाले. तुलाच म्हणाले, आई. तुझ्याविरुद्ध जिंकायचं होतं, आणि मागायला गेले तुझ्याचकडे. दुसऱ्या कुणाकडे मागायची मला सवय नाही.